युद्धाचा निर्णय कोणाचा? संसदेचा अधिकार किती, मंत्रिमंडळाचा किती

रायपूर : स्वतंत्र भारताने शेजारी देशांशी अनेक युद्धे लढली, मात्र कोणत्याही देशाविरुद्ध युद्ध पुकारण्याचा ठराव भारताच्या संसदेने आजवर एकदाही संमत केलेला नाही. राज्यघटनेत तशी कार्यपद्धतीच नाही. सीमेवर तणाव वाढला की ‘संसदेने युद्ध जाहीर करावे’ अशी मागणी ऐकू येते. ती घटनेच्या चौकटीत नेमकी कुठे बसते आणि युद्धाच्या प्रसंगी लोकप्रतिनिधींच्या हाती प्रत्यक्षात काय असते, हे समजून घेण्यासाठी प्रथम १९३९ सालाकडे पाहावे लागते. त्या वर्षी विधिमंडळाला न विचारता भारत युद्धात ओढला गेला आणि त्याच्या निषेधार्थ रायपूरच्या एका वकिलाने प्रांताचे मुख्यपद सोडले.

१९३९ : न विचारता लादलेले युद्ध

३ सप्टेंबर १९३९ रोजी ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले. त्याच दिवशी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी भारतही युद्धस्थितीत असल्याची उद्घोषणा केली. मध्यवर्ती विधिमंडळाचे मत घेतले गेले नाही, प्रांतांतील निर्वाचित सरकारांनाही विचारले गेले नाही. संरक्षण आणि परराष्ट्र व्यवहार हे विषय भारतीय लोकप्रतिनिधींच्या कक्षेबाहेर होते. त्यामुळे कायद्याच्या दृष्टीने व्हाइसरॉयांना कोणाच्याही संमतीची गरज नव्हती.

ब्रिटिश साम्राज्यातील इतर देशांत मात्र वेगळे चित्र होते. दक्षिण आफ्रिकेच्या संसदेत ४ सप्टेंबरला मतदान झाले. ८० विरुद्ध ६७ मतांनी युद्धात उतरण्याच्या बाजूने कौल मिळाला आणि तटस्थतेचा आग्रह धरणारे पंतप्रधान हर्टझोग यांना पायउतार व्हावे लागले. कॅनडाने आपल्या संसदेत चर्चा करून, तिची संमती मिळाल्यानंतर, १० सप्टेंबरला स्वतंत्रपणे युद्ध घोषित केले. एकाच राजमुकुटाखालच्या देशांपैकी काहींना विचारले गेले, भारताला विचारले गेले नाही.

त्या काळी रायपूर, बिलासपूर, दुर्ग हे जिल्हे नागपूर, वर्धा, अमरावती या मराठी जिल्ह्यांसह ‘मध्य प्रांत व वऱ्हाड’ या एकाच प्रांतात होते. रायपुरात वकिली केलेले पंडित रविशंकर शुक्ल १९३८ पासून या प्रांताच्या मंत्रिमंडळाचे प्रमुख होते. ऑक्टोबर १९३९ मध्ये वर्धा येथे भरलेल्या बैठकीत काँग्रेस कार्यकारिणीने आपल्या प्रांतिक मंत्रिमंडळांना राजीनामे देण्यास सांगितले. त्यानुसार नोव्हेंबरमध्ये शुक्ल मंत्रिमंडळाने सत्ता सोडली. पुढे हेच शुक्ल संविधान सभेचे सदस्य झाले आणि १ नोव्हेंबर १९५६ रोजी नव्या मध्य प्रदेशाचे पहिले मुख्यमंत्री. १९६४ मध्ये स्थापन झालेले रायपूरचे विद्यापीठ त्यांच्याच नावाने ओळखले जाते.

राज्यघटना काय सांगते?

१९३९ चा अनुभव ताजा असतानाही संविधान सभेने युद्धघोषणेसाठी संसदेच्या पूर्वसंमतीची अट घातली नाही. घटनेच्या अनुच्छेद ५३ नुसार संरक्षण दलांचे सर्वोच्च आधिपत्य राष्ट्रपतींकडे असते आणि त्याचा वापर कायद्याने विनियमित होतो. अनुच्छेद ७४ नुसार राष्ट्रपती मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने वागतात. याचा व्यवहारातील अर्थ असा, की बळाचा वापर करायचा की नाही हे केंद्रीय मंत्रिमंडळ ठरवते. पंतप्रधानांच्या अध्यक्षतेखालील सुरक्षाविषयक मंत्रिमंडळ समितीत हा विचार होतो. संरक्षण, गृह, अर्थ आणि परराष्ट्र खात्यांचे मंत्री तिचे सदस्य असतात.

मग संसद कुठे येते? सातव्या अनुसूचीतील संघ सूचीत ‘युद्ध व शांतता’ ही पंधरावी नोंद आहे. या विषयावर कायदा करण्याचा अधिकार केवळ संसदेचा आहे. राज्य विधानसभांना त्यात स्थान नाही. युद्ध सुरू करण्यापूर्वी संसदेची संमती घेतलीच पाहिजे, असा कायदा संसद या नोंदीखाली करू शकते. मात्र तसा कायदा तिने आजवर केलेला नाही.

आणीबाणी म्हणजे युद्धघोषणा नव्हे

युद्धघोषणा आणि आणीबाणीची उद्घोषणा या दोन गोष्टींची अनेकदा गल्लत होते. युद्धघोषणा परदेशाला उद्देशून असते, तर अनुच्छेद ३५२ खालील आणीबाणी देशांतर्गत कारभारासाठी असते. युद्ध, परचक्र किंवा सशस्त्र उठाव यांमुळे देशाची सुरक्षा धोक्यात आली असेल, किंवा तसा धोका नजीक असेल, तर राष्ट्रपती ती जारी करू शकतात. त्यासाठी मंत्रिमंडळाचा निर्णय त्यांना लेखी कळवला जाणे बंधनकारक आहे.

या टप्प्यावर संसदेचे मत निर्णायक ठरते. उद्घोषणेला एका महिन्याच्या आत दोन्ही सभागृहांचे अनुमोदन लागते, तेही विशेष बहुमताने : सभागृहाच्या एकूण सदस्यसंख्येचे बहुमत आणि उपस्थित राहून मतदान करणाऱ्यांचे दोन तृतीयांश मत. ५४३ सदस्यांच्या लोकसभेत किमान २७२ मते अनुकूल हवीत. सर्व सदस्यांनी मतदान केले तर ३६२. अनुमोदन मिळाले तरी ते सहा महिन्यांपुरतेच असते आणि पुढे चालू ठेवण्यासाठी पुन्हा मतदान घ्यावे लागते.

उलट दिशेचा मार्गही घटनेत आहे. लोकसभेने साध्या बहुमताने आणीबाणी नामंजूर केली, तर ती मागे घ्यावीच लागते. एक दशांश सदस्यांनी, म्हणजे सध्याच्या संख्येनुसार ५५ खासदारांनी, लेखी सूचना दिली, तर १४ दिवसांत लोकसभेची विशेष बैठक बोलवावी लागते.

हे कडक नियम १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने आले. त्यामागे कटू अनुभव होता. चीनशी १९६२ मध्ये झालेले युद्ध महिनाभरात थांबले. परंतु त्या वेळी लागू झालेली आणीबाणी १० जानेवारी १९६८ पर्यंत कायम राहिली. १९७१ चे युद्ध १३ दिवसांत संपले, पण त्या निमित्ताने जारी झालेली आणीबाणी मार्च १९७७ पर्यंत उठली नाही. दरम्यान १९७५ मध्ये अंतर्गत अशांततेच्या कारणावरून आणखी एक आणीबाणी आली. अशा काळात केंद्र राज्यांना कारभाराविषयी निर्देश देऊ शकते, संसद राज्य सूचीतील विषयांवर कायदे करू शकते आणि लोकसभेची मुदत एका वेळी एक वर्ष वाढवू शकते. युद्ध किंवा परचक्राच्या कारणावरून आणीबाणी असेल, तर भाषण, सभा, संचार आदी स्वातंत्र्यांचे अनुच्छेद १९ मधील संरक्षणही थांबते. जीविताचा हक्क देणारे अनुच्छेद २१ आणि आरोपीला संरक्षण देणारे अनुच्छेद २० मात्र ४४ व्या दुरुस्तीनंतर स्थगित करता येत नाहीत.

प्रत्यक्षात काय घडले?

२० ऑक्टोबर १९६२ रोजी चीनने मोठा हल्ला केला. २६ ऑक्टोबरला आणीबाणी जाहीर झाली आणि त्याच दिवशी भारत संरक्षण अध्यादेश निघाला. संसदेची बैठक ८ नोव्हेंबरला सुरू झाली. पंतप्रधान जवाहरलाल नेहरू यांनी मांडलेल्या ठरावावर दीडशेहून अधिक सदस्य बोलले आणि १४ नोव्हेंबरला लोकसभेने तो संमत केला. आक्रमकाला भारतभूमीवरून हुसकावून लावण्याचा निर्धार त्यात होता, युद्धाची घोषणा नव्हती. भारत आणि चीन यांपैकी कोणीही औपचारिक युद्ध पुकारले नाही.

२१ नोव्हेंबरला यशवंतराव चव्हाण यांनी संरक्षणमंत्रिपदाची शपथ घेतली आणि त्याच दिवशी चीनने एकतर्फी युद्धबंदी जाहीर केली. १९६५ मध्ये छांब भागात पाकिस्तानने चढाई केली तेव्हा हवाई दल वापरण्यास तातडीने परवानगी देणारे संरक्षणमंत्री चव्हाणच होते. ६ सप्टेंबरला भारतीय सैन्याने लाहोर आघाडीवर आंतरराष्ट्रीय सीमा ओलांडली आणि त्याच दिवशी चव्हाण यांनी लोकसभेत निवेदन केले. आधी कारवाई, मग निवेदन, हाच क्रम तेव्हाही राहिला.

३ डिसेंबर १९७१ च्या संध्याकाळी पाकिस्तानने भारतीय हवाई तळांवर हल्ले केले. दुसऱ्या दिवशी पंतप्रधान इंदिरा गांधी यांनी पाकिस्तानने युद्ध पुकारल्याचे लोकसभेला सांगितले आणि त्याच दिवशी संसदेने भारत संरक्षण कायदा संमत केला. ६ डिसेंबरला बांगलादेशाला मान्यता दिल्याची घोषणा संसदेतच झाली. १६ डिसेंबरला ढाका मुक्त झाल्याची वार्ताही सभागृहानेच प्रथम ऐकली. त्याआधी डिसेंबर १९६१ मध्ये गोवा पोर्तुगीजांपासून मुक्त करणारी लष्करी कारवाईही युद्धघोषणेविनाच झाली होती.

कारगिलच्या वेळी परिस्थिती आणखी वेगळी होती. २६ एप्रिल १९९९ रोजी लोकसभा विसर्जित झाली होती आणि अटलबिहारी वाजपेयी यांचे सरकार काळजीवाहू होते. मे ते जुलै या काळात युद्ध झाले, तेव्हा प्रश्न विचारायला लोकसभाच अस्तित्वात नव्हती. राज्यसभेची विशेष बैठक घेण्याची विरोधकांची मागणी मान्य झाली नाही. आणीबाणीही जारी झाली नाही. मे २०२५ मधील ‘ऑपरेशन सिंदूर’वर संसदेत सविस्तर चर्चा जुलैअखेरीस, कारवाई थांबल्यानंतर झाली.

इतर देशांची रीत

अमेरिकेच्या राज्यघटनेने युद्ध घोषित करण्याचा अधिकार थेट काँग्रेसला, म्हणजे तेथील संसदेला दिला आहे. पर्ल हार्बरवरील हल्ल्यानंतर ८ डिसेंबर १९४१ रोजी सिनेटने ८२ विरुद्ध शून्य आणि प्रतिनिधीगृहाने ३८८ विरुद्ध १ मतांनी जपानविरुद्ध युद्ध घोषित केले. विरोधाचे एकमेव मत जॅनेट रँकिन यांचे होते. अमेरिकेने अशी औपचारिक घोषणा शेवटची केली ती जून १९४२ मध्ये. कोरिया, व्हिएतनाम, इराक येथील युद्धे तिच्याविनाच झाली. त्यावर लगाम म्हणून १९७३ च्या कायद्याने अध्यक्षांना सैन्य उतरवल्यापासून ४८ तासांत काँग्रेसला कळवणे बंधनकारक केले आणि संमतीविना कारवाईसाठी ६० दिवसांची मर्यादा घातली.

फ्रान्सच्या घटनेत युद्धघोषणेला संसदेची परवानगी लागते. जर्मनीत देशावर हल्ला झाल्याची अवस्था संसद दोन तृतीयांश मतांनी निश्चित करते. ब्रिटनमध्ये हा अधिकार राजाच्या नावाने सरकार वापरते; तरीही ऑगस्ट २०१३ मध्ये सीरियातील कारवाईचा प्रस्ताव २८५ विरुद्ध २७२ मतांनी फेटाळला गेला आणि सरकारने माघार घेतली.

औपचारिक घोषणा आज दुर्मीळ होण्याचे एक कारण आंतरराष्ट्रीय कायद्यात आहे. १९०७ च्या हेग कराराने पूर्वसूचनेविना युद्ध सुरू करण्यास मनाई केली होती. १९४५ च्या संयुक्त राष्ट्रांच्या सनदेने दुसऱ्या देशाविरुद्ध बळाचा वापरच निषिद्ध ठरवला आणि स्वसंरक्षणाचा हक्क अबाधित ठेवला. त्यामुळे ‘आम्ही युद्ध पुकारत आहोत’ असे कोणताही देश सहसा म्हणत नाही. ‘आम्ही स्वसंरक्षण करत आहोत’ असेच म्हणतो.

खासदारांच्या हाती काय?

युद्धाला पैसा लागतो आणि तिजोरीची किल्ली लोकसभेकडे असते. तातडीच्या खर्चासाठी सरकार आकस्मिकता निधी वापरू शकते. २०२१ मध्ये त्याची मर्यादा ५०० कोटींवरून ३० हजार कोटी रुपये करण्यात आली. पण ही रक्कम पुढे संसदेकडून मंजूर करून घ्यावी लागते. तपशील आधी देणे शक्य नाही अशा अनपेक्षित मोठ्या खर्चासाठी अनुच्छेद ११६ नुसार लोकसभा एकरकमी अनुदान देऊ शकते. सैन्यविषयक कायदे संसदेचे असतात, मंत्रिमंडळ लोकसभेला उत्तरदायी असते आणि विश्वास गमावलेले सरकार युद्धकाळातही टिकू शकत नाही.

छत्तीसगडमधून लोकसभेवर ११ आणि राज्यसभेवर ५ सदस्य जातात. युद्ध सुरू करण्यापूर्वी त्यांना विचारण्याचे कायदेशीर बंधन सरकारवर नाही. पण युद्धाच्या नावाने नागरिकांची स्वातंत्र्ये किती काळ आखडती राहतील, त्यासाठी किती खर्च होईल आणि आणीबाणी कधी उठेल, हे त्यांच्या मतांविना ठरू शकत नाही. १९३९ मध्ये प्रांतिक मंत्रिमंडळांपुढे राजीनाम्याखेरीज प्रभावी उपाय उरला नव्हता. आज लोकप्रतिनिधींपुढे मतदानाचा उपाय आहे.