फिरत्या संशोधकाचा संगणकीय बस्ता

कै. वि. का. राजवाडे यांनीं १९०९ सालीं जी ज्ञानेश्वरी छापून प्रसिद्ध केली, तिची आधारभूत पोथी त्यांस बीड प्रांतांतील पाटांगण येथें मिळाली होती. पुढें ती पोथी अभ्यासकांस दुर्लभ झाली. त्यामुळें तिच्या प्राचीनत्वाविषयींचा वाद पोथी समोर ठेवून मिटविण्याचा मार्ग उरला नाहीं.

आज पोथीच्या घरींच, एका बैठकींत, छायाचित्र व वाचन दोन्ही सिद्ध करतां येतात. अंबाजोगाईस वा एखाद्या खेड्यांतील मठांत मालक रुमाल सोडून दाखवितो, पण बाहेर नेऊं देत नाहीं, आणि तें योग्यच. संगणक मिळतो तो त्याच्या मुलाचा किंवा शाळेचा. परक्या यंत्रांत नवें सॉफ्टवेअर बसविणें शिष्टाचारास धरून नाहीं. यास्तव सर्व हत्यारें पेन ड्राइव्हवर बांधून न्यावीं.

साधी आवृत्ति आपल्या नोंदी विंडोजच्या पोटांत ठेवते. 'पोर्टेबल' आवृत्ति त्या आपल्याच फोल्डरांत ठेवते, म्हणून ड्राइव्ह काढला कीं बस्ता पुरा उचलला जातो. लेखनास लिबरऑफिस, छायाचित्रें पाहण्यास इरफानव्ह्यू व फाइली बांधण्यास सेव्हन-झिप, एवढें प्रारंभीं पुरे. एक गोष्ट पुष्कळांस उमगत नाहीं. तोच ड्राइव्ह एका यंत्रांत 'ई' म्हणून उघडतो, दुसऱ्यांत 'एफ' म्हणून. सूचींत छायाचित्राचा पत्ता त्या अक्षरासह लिहिला असेल, तर दुसऱ्या गांवीं चित्र सांपडणार नाहीं. पत्ता सूचीच्या फोल्डरापासून मोजून द्यावा.

बीड १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यांत होतें. तेव्हां एकाच रुमालांत बालबोध पोथी, मोडी कागद आणि फारसी-उर्दू हुकूम निघणें नवल नव्हे. तिन्ही लिप्यांचे युनिकोड फॉन्ट बस्त्यांत हवेत. मोडीस युनिकोडमध्यें स्थान २०१४ सालीं मिळालें. नोटो मालिकेंत मोडी व नस्तालीक दोन्ही विनामूल्य आहेत. जुन्या धाटणीच्या फॉन्टांत टंकलेलें वाचन मात्र सर्वथा टाळावें. त्यांत रोमन अक्षराच्या जागीं मराठी अक्षराचें नुसतें चित्र बसविलेलें असतें. फॉन्ट गेला कीं ओवीच्या ठिकाणीं निरर्थक रोमन अक्षरें उरतात. माझ्या मतें हा धोका वाळवीहून कमी नाहीं. पक्की प्रत पीडीएफ-ए पद्धतीची करावी. तींत फॉन्ट फाइलींतच सामावलेला असतो. अक्षरें आपोआप ओळखणारा टेसेरॅक्ट छापील देवनागरीस उपयोगी पडतो. हस्तलिखितास आपले डोळेच.

मूळ छायाचित्र कधींही कातरूं वा उजळूं नये. तें नकलेवर करावें. मूळ फाइलीचा 'एसएचए-२५६' ठसा सेव्हन-झिपनें तेथेंच काढावा. हा ६४ अंक-अक्षरांचा असतो, आणि फाइलींत एक बिंदु बदलला तरी ठसा निराळाच येतो. तो पोथीच्या खरेपणाची ग्वाही देत नाहीं, छायाचित्र तेंच आहे एवढीच देतो. परंतु पाटांगणच्या पोथीविषयीं तेवढीही आज आपणांपाशीं नाहीं. ठसा कागदावर उतरून मालकाची सही घ्यावी, व छायाचित्रांसह एक प्रत त्याजपाशीं ठेवावी. परक्या यंत्रास लावलेला ड्राइव्ह घरीं येतांच व्हायरससाठीं तपासावा, आणि मगच आपल्या संग्रहाच्या यंत्रास जोडावा.