एका सामन्याचा मोसम

युरोपातल्या बहुतेक क्लबांचा फुटबॉल मोसम ऑगस्टमध्ये सुरू होतो आणि मे महिन्यापर्यंत चालतो. वरूडसारख्या तालुक्याच्या गावातल्या महाविद्यालयीन संघाचा मोसम पुष्कळदा नव्वद मिनिटांत आटोपतो. सकाळी निघायचं, मोर्शीमार्गे सुमारे नव्वद किलोमीटरवरचं अमरावती गाठायचं, सामना खेळायचा, हरायचं आणि संध्याकाळच्या गाडीनं परत. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा बहुधा बाद पद्धतीनं होतात. पहिला सामना हरला की वर्ष संपलं.

त्या नव्वद मिनिटांच्या मागे मात्र जुलैपासूनची खटपट असते. प्रवेश उरकले की शारीरिक शिक्षण संचालक, म्हणजे पोरांचे ‘सर’, सूचनाफलकावर कागद लावतात. वरूडच्या पट्ट्यात मैदानावर येणारा पोरगा पहिल्यांदा कबड्डी विचारतो, मग व्हॉलीबॉल, मग क्रिकेट. फुटबॉलसाठी माणसं गोळा करावी लागतात. कबड्डीला बारा जणांत भागतं. इथं अकरा खेळणारे आणि वर पाच-सात राखीव. मग दहाएक खरे खेळाडू, दोन कबड्डीवाले, एक धावणारा आणि उंच म्हणून गोलात उभा केलेला एक व्हॉलीबॉलवाला, अशी जुळवाजुळव होते. ‘पाय चालतात ना, मंग ये’ एवढीच निवड चाचणी.

खेळाडूंपेक्षाही जागेचा प्रश्न मोठा. कबड्डीचं मैदान तेरा बाय दहा मीटर, म्हणजे 130 चौरस मीटर. फुटबॉलचं 105 बाय 68 मीटरचं पूर्ण मैदान 7,140 चौरस मीटर भरतं; कबड्डीच्या 55 पट. वरूडकराच्या हिशेबात मांडायचं तर सहा बाय सहा मीटरवर लागवड केली की तेवढ्या जागेत 198 संत्राझाडं बसतात. वरूड-मोर्शीला विदर्भाचा कॅलिफोर्निया म्हणतात आणि रेल्वेनंही इथल्या स्टेशनाला ‘वरूड ऑरेंज सिटी’ असं नाव दिलं आहे. अशा मुलखात पावणेदोन एकर सपाट जमीन नुसती पोरांना पळायला मोकळी सोडणं म्हणजे चैन आहे, आणि ती चैन शिक्षणसंस्थाच करू जाणे.

जमीनही साधी नाही. सातपुड्याच्या पायथ्याची ही काळी कपाशीची माती. तिच्यातली चिकणमाती पाणी पिऊन फुगते आणि उन्हाळ्यात आकसून पाऊल अडकेल एवढ्या भेगा पाडते. इथला फुटबॉलचा सराव नेमका पावसाळ्यात येतो. दहा मिनिटांत बुटाखाली मातीचा थर चढतो, स्टड दिसेनासे होतात आणि पाय उचलणं हाच व्यायाम होऊन बसतो. चेंडू टप्पा घेत नाही, आहे तिथं थबकतो. अशा मैदानावर जमिनीलगतच्या छोट्या पासचा खेळ मुरणं अवघड. बॅकनं लांब फटका हाणायचा आणि फॉरवर्डनं त्यामागे धावायचं, हीच रीत अंगी लागते. शहरातले जाणते प्रेक्षक ‘हे नुसते मारतात’ म्हणून हसतात. त्यांनी ऑगस्टमध्ये एकदा इकडे यावं. मैदानावर मुरूम टाकला की चिखल हटतो खरा, पण मग पडणाऱ्याचे गुडघे सोलून निघतात, आणि गोली तर बिचारा पडण्यासाठीच असतो.

पाऊस सरतो तसा संत्र्याचा आंबिया बहार येतो. उन्हाळ्याच्या तोंडाशी फुललेला हा बहार ऑक्टोबर ते डिसेंबर तोडणीला असतो. पावसाळ्याच्या सुरुवातीला फुलणाऱ्या मृग बहाराची फळं फेब्रुवारीनंतर निघतात, त्यांचा खेळाला फारसा उपद्रव नाही. आंबियाचा मात्र आहे. संघातल्या कोणाच्या घरची बाग असते, कोणी तोडणीच्या मजुरीला जातो, कोणी क्रेट भरायला. बागवान पोराला बापाचा फोन येतो, व्यापारी आला आहे, निघ. मजुरीवर जाणाऱ्याला तर फोनही लागत नाही. दिवसाचे पैसे बुडवून सरावाला येणं त्याला परवडतच नाही. याच सुमाराला हिवाळी परीक्षांचं वेळापत्रकही लागतं. पाऊस, परीक्षा आणि संत्रा यांच्या फटीत जे दिवस सापडतील, तेवढाच या संघाचा सराव.

आणि मग विद्यापीठाच्या स्पर्धेचा ‘ड्रॉ’ निघतो. संत गाडगे बाबा अमरावती विद्यापीठ 1983 साली स्थापन झालं. अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलडाणा आणि वाशिम हे पाच जिल्हे त्याच्याकडे आहेत. त्याआधी इकडची महाविद्यालयं नागपूर विद्यापीठाला जोडलेली होती. तिथं गाठ नागपूर-कामठीच्या पोरांशी, आणि कामठी ही छावणी असल्यामुळे तिथल्या गल्लीबोळांत फुटबॉल जुना. विद्यापीठ वेगळं झालं तेव्हा वऱ्हाडी संघांच्या वाटेतला तो डोंगर तरी हटला.

दुसरा डोंगर घरातच होता. अमरावतीचं श्री हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ वैद्य बंधूंनी 1914 साली काढलं. या मंडळाच्या पथकानं 1936 मध्ये बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी कबड्डीसह देशी खेळांची प्रात्यक्षिकं करून दाखवली. मंडळाचं शारीरिक शिक्षण महाविद्यालय याच विद्यापीठाशी संलग्न आहे. वऱ्हाडातल्या कितीतरी क्रीडाशिक्षकांची पदवी तिथली. म्हणजे वरूडसारख्या गावात पोरांना घडवणारे सर बहुधा ज्या आखाड्यात शिकलेले, त्याच आखाड्याचा संघ ड्रॉमध्ये समोर उभा राहू शकतो. एका बाजूला खेळ हाच अभ्यासक्रम असलेली पोरं, दुसऱ्या बाजूला बी.ए., बी.कॉम.ची, सकाळी बागेत पाणी सोडून आलेली. निकाल काय लागणार हे सांगायला ज्योतिषी नको. तरी मला त्यात अन्याय दिसत नाही. तगड्या संघाकडून मार खाल्ल्याशिवाय खेळ कळत नाही. गैर आहे ते एवढंच, की मार खाऊन जे कळलं ते वापरायला दुसरा सामनाच मिळत नाही.

संघ हरला तरी एखाद्या पोराचं नशीब उघडतं. निवड समितीच्या डोळ्यांत भरला तर त्याला विद्यापीठाच्या प्रशिक्षण शिबिराचं बोलावणं येतं आणि अंतिम संघात नाव लागलं की तो ‘कलर होल्डर’ होतो. मग पश्चिम विभागाची आंतरविद्यापीठ स्पर्धा, तिथं महाराष्ट्राबरोबर गोवा, गुजरात, राजस्थान, मध्य प्रदेशची विद्यापीठं. त्यातून पुढे गेलेल्यांसाठी अखिल भारतीय स्पर्धा. तिचा करंडक कोलकाता विद्यापीठाचे कुलगुरू सर आशुतोष मुखर्जी यांच्या नावाचा आहे. वरूडच्या मैदानावरून त्या करंडकापर्यंतची वाट कागदावर सरळ आहे. फक्त तिच्या पहिल्या पायरीवर, एका सकाळी, एकाच सामन्यात दिसावं लागतं. त्या दिवशी ताप असला, पाय मुरगळला किंवा समोरचा बॅक भारी पडला तर पुढच्या वर्षी या. आणि पुढच्या वर्षी पोरगा तिसऱ्या वर्षाला असतो, नाही तर पुण्याला कंपनीत.

यावर उपाय फार खर्चिक नाही. विद्यापीठाची बाद स्पर्धा आहे तशी राहू द्यावी, पण तिच्याआधी शेजारच्या तालुक्यांनी आपसांत साखळी खेळावी. चार महाविद्यालयं घ्या. प्रत्येकानं इतर तिघांशी एकदा आपल्या आणि एकदा त्यांच्या मैदानावर खेळायचं ठरवलं, तर एकूण बारा सामने होतात आणि प्रत्येक संघाच्या वाट्याला सहा येतात. बाहेरगावचे प्रवास तीनच, तेही सकाळी जाऊन संध्याकाळी परतण्याच्या अंतरावरचे. ते पाऊस ओसरल्यावर पण तोडणीला जोर चढण्याआधी, सप्टेंबरच्या उत्तरार्धापासून रविवारी ठेवता येतील. पंच चारही महाविद्यालयांच्या सरांतून फिरते नेमायचे आणि मैदानावर फक्की यजमान पोरांनी मारायची. अडचण येईल ती पहिल्या रविवारच्या बसभाड्याची. ते क्रीडा निधीतून द्यायचं की पोरांनी वर्गणी काढायची, यावर प्राचार्यांच्या खोलीत बरीच चर्चा होईल.