दाद मागायची कोठे?

सुट्टीत बडोद्याहून बेळगावला आलो की एक प्रश्न मला हमखास विचारला जातो. "मुलगा बडोद्यात रेल्वेत आहे. त्याचे मुख्य कार्यालय मुंबईत, रेल्वे मंत्रालय दिल्लीत आणि आमचे घर येथे. उद्या त्याच्यावर अन्याय झाला, तर दाद मागायची कोठे?"

१९४९ ते १९५६ या काळात बडोदे आणि बेळगाव या दोन्ही शहरांचे उच्च न्यायालय एकच होते, ते म्हणजे मुंबईचे. आज बडोद्याचा माणूस अहमदाबादला जातो, तर बेळगावचा धारवाडच्या खंडपीठाकडे. म्हणून हद्दीचा प्रश्न आपल्याला टाळता येत नाही.

पूर्वी नियम कठोर होता. ज्या अधिकाऱ्याविरुद्ध तक्रार, त्याचे कार्यालय ज्या उच्च न्यायालयाच्या हद्दीत असेल, तेथेच रिट अर्ज करावा लागे. जम्मू-काश्मीरमधील एका लष्करी अधिकाऱ्याच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले : केंद्र सरकारचे ठाणे दिल्लीत, तेव्हा तेथील उच्च न्यायालयातच जा. दूरच्या गरीब नोकराला हे कसे परवडणार? अखेर १९६३ साली पंधराव्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद २२६ मध्ये भर पडली आणि वादाचे कारण जेथे पूर्णतः किंवा अंशतः घडले, तेथील उच्च न्यायालयालाही अधिकार मिळाला.

पुढे १९८५ च्या कायद्याने केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण स्थापन झाले. केंद्र सरकारच्या व रेल्वेच्या नोकरांनी प्रथम तेथे जावयाचे. १९८७ च्या नियमांप्रमाणे अर्जदाराची नेमणूक जेथे असेल, किंवा वादाचे कारण जेथे घडले असेल, तेथील खंडपीठाकडे अर्ज करता येतो. म्हणजे पश्चिम रेल्वेच्या बडोदे विभागातील कर्मचाऱ्याने अहमदाबादचे खंडपीठ गाठावे. केवळ आईवडील बेळगावात राहतात म्हणून नोकरीत असताना त्याला बंगळूरला जाता येणार नाही. मात्र तो निवृत्त झाला किंवा बडतर्फ झाला, तर जेथे तो सामान्यतः राहतो तेथील खंडपीठ त्याला निवडता येते. पगार बंद झालेल्या माणसाला ही सवलत किती मोलाची, हे सांगावयास नको. खंडपीठाच्या निर्णयाविरुद्ध, १९९७ च्या निकालानुसार, त्या खंडपीठाच्या हद्दीतील उच्च न्यायालयाकडे जाता येते.

बँकांची गोष्ट निराळी. सयाजीराव महाराजांच्या काळात १९०८ साली स्थापन झालेल्या बँक ऑफ बडोदाचे मुख्यालय बडोद्यात आहे. १ एप्रिल २०१९ रोजी विजया बँक तिच्यात विलीन झाली आणि आपल्याकडील अनेक कर्मचाऱ्यांचे मालक एका रात्रीत बडोदेकर झाले! पण भिण्याचे कारण नाही. सरकारी बँकेचे अधिकारी या न्यायाधिकरणाच्या कक्षेत येत नाहीत. ते उच्च न्यायालयात रिट अर्ज करू शकतात. बेळगावच्या शाखेत नोकरी, तेथेच चौकशी व तेथेच शिक्षा, तर वादाचे कारण येथेच घडले. मुख्यालय परप्रांतात आहे एवढ्यामुळे येथील दार बंद होत नाही.

मग घरी नुसते पत्र आले तर? गयेच्या एका खलाशाची भरपाईची मागणी मुंबईच्या सरकारी जहाज कंपनीने नाकारली व तसे पत्र त्याच्या घरी पाठविले. पाटणा उच्च न्यायालयाने हा खटला ऐकावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली ठरविले. परंतु केवळ नोटीस हाती पडली म्हणजे वादाचे कारण घडले असे नव्हे, हेही त्याच न्यायालयाने १९८५ साली सांगितले होते. प्रत्येक प्रकरणातील घटना पाहूनच हे ठरते.

तात्पर्य, साहेब कोठे बसतो यापेक्षा अन्याय कोठे घडला, हे आधी पाहावे. न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुदत सामान्यतः अंतिम आदेशापासून एक वर्षाची असते. चुकीच्या दारी ती घालविली, तर सत्य बाजूचा माणूसही हात चोळीत बसतो. म्हणून मी विचारणाऱ्याला प्रथम एवढेच सांगतो : प्रत्येक आदेशाचा कागद जपून ठेवा, आणि त्यावरील गाव व तारीख वाचा.