एका भागाचं परीक्षण

सकाळी सहा

तारापूर औद्योगिक वसाहतीत पहिली पाळी सातला लागते. बोईसरचे रस्ते त्याच्या कितीतरी आधीच कंपन्यांच्या बसगाड्यांनी आणि चालत निघालेल्या माणसांनी भरून जातात. यांचीही आज पहिलीच पाळी. डब्याच्या पोळ्या लाटता लाटता माझं काम सुरू होतं. मोबाइलवर भाग लावायचा, पडदा ओट्याकडे उलटा करून ठेवायचा आणि नुसतं ऐकायचं. रोजच्या मालिकेचं परीक्षण मी कानांनीच सुरू करते, कारण ती बनतेच अशा घरांसाठी. रात्री आठला बाई भाकरी थापत असते, कुकरच्या शिट्ट्या मोजत असते, मुलाचा गृहपाठ बघत असते. अंधाऱ्या सभागृहात बसून बघायच्या सिनेमाचे निकष इथे लावले तर मालिकेवरही अन्याय होतो आणि त्या बाईवरही.

आजचं काम एका दिवाळी अंकाचं. संपादकांनी मागितलंय ते संपूर्ण मालिकेवर नको, एकाच भागावर लिहा. मी निवडली ‘माझ्या नवऱ्याची बायको’. झी मराठीवर 22 ऑगस्ट 2016 ला सुरू झालेली आणि 7 मार्च 2021 ला संपलेली. नागपूरची राधिका, तिचा नवरा गुरुनाथ आणि त्याची प्रेयसी शनाया. संसार मोडण्याची गोष्ट, पण बरीचशी हसवत सांगितलेली. राधिकाचा मसाल्यांचा धंदा उभा राहू लागला त्या काळातला एक भाग मी काढला आहे.

कानांना पहिल्यांदा मिळते ती राधिकाची बोली. अनिता दाते मूळच्या नाशिकच्या, पण नागपुरी हेल त्यांनी असा उचलला की डोळे मिटूनही राधिका कुठे उभी आहे, कोणाकडे बघते आहे ते कळतं. अभिजीत खांडकेकरचा गुरुनाथ खोटं बोलायला लागला की त्याचा आवाज किंचित गोड आणि घाईचा होतो. हे काम बारकाईचं आहे आणि त्याची दखल कोणी फारशी घेतली नाही. शनायाचं काम आधी रसिका सुनीलने केलं, 2018 मध्ये तिच्या जागी ईशा केसकर आली, पुढे रसिका परतली. इतक्या वेळा माणूस बदलूनही प्रेक्षक तुटला नाही. आळस, खरेदीची हौस आणि दुसऱ्याच्या पैशावरचा हक्क इतका ठसठशीत लिहिला होता की पात्र नटीपेक्षा मोठं ठरलं. लेखकाची ती कमाई.

कानांना खटकतं ते पार्श्वसंगीत. विनोद कुठे आहे हे प्रत्येक वेळी वाद्य वाजवून सांगतात. राधिकाच्या एका साध्या वाक्यावर हसू येणारच असतं, तेवढ्यात ‘टुंईं’ होतं आणि हसू विरतं.

साडेआठ

यांना पाठवून, मुलीला शाळेत सोडून आता डोळ्यांनी बघणं. कागदावर तीन रकाने आखते. कोण काय बोललं, प्रेक्षकाला आधीपासून काय ठाऊक आहे, आणि गोष्ट किती पुढे गेली.

मधला रकाना सर्वांत महत्त्वाचा. या प्रकारच्या मालिकेतला विनोद उभा असतो तो आपल्याला ठाऊक असलेल्या आणि पात्राला ठाऊक नसलेल्या गोष्टीवर. गुरुनाथ एकीला एक सांगतो, दुसरीला दुसरं, आणि दोघी एकाच खोलीत येणार हे फक्त आपल्याला माहीत असतं. लोकनाट्यातून आणि फार्समधून मराठी प्रेक्षक हा आनंद पिढ्यान् पिढ्या घेत आला आहे. सोंग करणारा रंगमंचावर आणि ते ओळखणारे आपण समोर. ‘माझ्या नवऱ्याची बायको’च्या सुरुवातीच्या भागांत हे फार तल्लखपणे जमलं होतं.

तिसरा रकाना मात्र जवळपास कोरा राहतो. अर्ध्या तासातून जाहिराती वजा केल्या की बाविसेक मिनिटं उरतात. त्यातून कालचा सारांश आणि उद्याची झलक काढायची. मग एक बातमी फुटते, आणि कॅमेरा घरातल्या प्रत्येक चेहऱ्यावर जातो, संथ, एकामागून एक. यामागे केवळ आळस नाही. रोज एक भाग द्यायचा म्हणजे साधारण दिवसभरात एक भाग चित्रित व्हायला हवा, लेखकाचे संवाद कधी कधी चित्रीकरणाच्या दिवशीच सेटवर पोहोचतात, आणि चेहऱ्यांवर घालवलेली मिनिटं ही दुसऱ्या दिवसासाठी वाचवलेली गोष्ट असते. मला त्या कामगारांची कदर आहे. बारा-तेरा तासांची पाळी तिथेही आहे. पण कोणाच्या तरी फायद्यासाठी गोष्ट लांबवली जाते आणि किंमत विनोद मोजतो. एक खोटं आठवडाभर टिकलं तर हसू येतं. तेच वर्षानुवर्षं टिकलं तर राधिका भाबडी उरत नाही, तिला मूर्ख ठरवलं जातं, आणि मग तिच्यावर हसणं मला जमत नाही.

अकरा

आता लेखाचा मधला भाग. परीक्षणात इतिहास कशाला, असं संपादक म्हणतील. पण तो इथे हवाच.

या जातीच्या मालिकांचं माहेर लॅटिन अमेरिका. तिथली टेलिनोव्हेला रोज चालते, रडवते, हसवते, पण ती संपते. काही महिन्यांत, फार तर दीड-दोन वर्षांत. लोक शेवटाची वाट बघत असतात. आपल्याकडे ही कल्पना आली त्यात एका वैदर्भीय नेत्याचा वाटा आहे, हे फार थोड्यांच्या लक्षात राहिलं. वर्ध्याचे खासदार वसंत साठे केंद्रात माहिती व नभोवाणी मंत्री होते. 1982 च्या सुमारास ते मेक्सिकोला गेले. तिथे मिगेल साबिदो टेलिनोव्हेलांतून कुटुंबनियोजनासारखे विषय घराघरांत पोहोचवत होते. त्यातून पुढे ‘हम लोग’ उभी राहिली. 7 जुलै 1984 ला दूरदर्शनवर सुरू झाली, लेखन मनोहर श्याम जोशींचं, प्रत्येक भागाच्या शेवटी अशोक कुमार बोलायचे. दीडशेच्या वर भाग झाले आणि 1985 च्या डिसेंबरात ती संपली.

दुसरी मोठी लाट कोलंबियाची. फर्नांडो गाइतान यांची ‘यो सोय बेत्ती, ला फेआ’ 1999 ते 2001. चष्मा, दातांना तार, आणि हुशारीत कार्यालयातल्या सगळ्यांना पुरून उरणारी बेत्ती. तिचीच आपली ‘जस्सी जैसी कोई नहीं’, 2003 मध्ये सोनीवर आली. मोना सिंगचा खरा चेहरा वाहिनीने बराच काळ लोकांपासून लपवून ठेवला होता. बेत्ती, जस्सी आणि राधिका सख्ख्या बहिणी वाटाव्यात अशा आहेत. तिघींना आधी दिसण्यावरून आणि बोलण्यावरून कमी लेखलं जातं, तिघी हिशेबात पक्क्या आहेत, आणि तिघींचा सूड म्हणजे स्वतःच्या कामात उभं राहणं. फरक इतकाच की बेत्तीला शेवट मिळाला तेव्हा लोक तिच्यावर अजून प्रेम करत होते.

तीन

पहिली पाळी सुटते. जिन्यात पावलं वाजतात. आमच्या इमारतीत मालिका कोण कधी बघतं हे पाळीवर ठरतं. दुसऱ्या पाळीची माणसं रात्री अकराला सुटतात, त्यामुळे त्यांच्या घरी दुसऱ्या दिवशीचं पुनःप्रक्षेपण किंवा मोबाइल. रात्रपाळीवाल्यांच्या घरी टीव्हीचा आवाज सकाळी बंदच, कारण माणूस झोपलेला असतो. समोरच्या काकूंनी कित्येक भाग आवाज बंद ठेवून पाहिलेत. त्यांना विचारलं, काही कळायचं का? म्हणाल्या, “चेहऱ्यांवर एवढा वेळ थांबतात ना गं, सगळं कळतं.” सकाळी ज्या चेहऱ्यांवर मी चिडले होते त्यांचा असाही उपयोग आहे. ही ओळ लेखात जाणार.

साडेचार

गाडीने पालघर. मध्ये एकच उमरोळी, मग पालघर. 2014 मध्ये जिल्हा झाल्यापासून इथली गर्दी वाढली आहे, पण माहीम रस्त्याला लागलं की अजून वाड्या दिसतात. मला भेटायचंय मसाला करणाऱ्या एका बचत गटाला. राधिका मसाल्याची कंपनी काढते, ती वाढत वाढत तीनशे कोटींची होते. यावर लोकांनी पुष्कळ टिंगल केली. मला त्या टिंगलीत रस नाही. खरोखर मसाला करून विकणाऱ्या बायकांना हा भाग कसा दिसतो, ते ऐकायचं आहे.

हंगाम संपलेला आहे. मार्च ते मे हे त्यांचे दिवस. बेडगी रंगाला, संकेश्वरी आणि लवंगी तिखटाला, काश्मिरी दिसायला. मिरच्या उन्हात कडकडीत वाळवायच्या, देठ काढायचे, हात आणि डोळे दिवसभर जळत राहतात. धणे, बडीशेप, दगडफूल, नागकेशर, जायपत्री, हळकुंड वेगवेगळं भाजायचं, कारण प्रत्येकाला लागणारी आच वेगळी. मग सगळं घेऊन डंखावर. वाळवताना, देठ काढताना आणि कुटताना वजनात जी घट येते ती भावात धरली नाही तर वर्षाचं काम तोट्यात. हे सगळं सांगताना त्यांना मालिका आठवावी लागत नाही. माझ्या मोबाइलवर भाग सुरू होतो आणि त्या बोलत राहतात.

“हिच्या घरात मिरच्या कुठे वाळत घातल्यात?” पहिला प्रश्न हा. दुसरा, माल उधार किती गेला? दुकानदार पाकिटं ठेवून घेतो, पैसे पुढच्या फेरीला. राधिकाच्या धंद्यात शत्रू आहेत, कटकारस्थानं आहेत, पण उधारी नाही. एफएसएसएआयची नोंदणी, पाकिटावर वजन, तारीख, पत्ता, यात महिना गेला होता, तेही नाही. गटातल्या सर्वांत मोठ्या मावशी शाळेत शिपाई होत्या. त्या म्हणाल्या, भांडण खोटं दाखवलं तरी चालेल हो, पण भाव तरी खरा दाखवा.

एवढं बोलूनही कोणी मालिकेला नावं ठेवत नव्हतं. मी विचारलं, मग बघितलीत का? थोडा वेळ कोणी बोललं नाही. मग एक ताई आत गेली आणि पाकीट घेऊन आली. त्यावर गटाच्या नावाखाली तिचं नाव छापलेलं होतं, नुसतं पहिलं नाव. नवऱ्याचं नाही, आडनाव नाही. “राधिका मसाले असं होतं ना,” ती म्हणाली. पाकीट छापून घेताना घरात विरोध झाला होता, आणि घरातल्यांना समजवायला तिने मालिकेचं नाव सांगितलं होतं. मालिका ते रोज एकत्र बघायचे, त्यामुळे सासूने मान डोलावली.

परीक्षणाला याहून मोठा पुरावा मला कुठल्या ग्रंथात मिळाला नसता. डंख नाही, उधारी नाही, घट नाही, आणि तरी पाकिटावर बाईचं नाव येऊ शकतं एवढी एक गोष्ट त्या भागांनी पालघरच्या एका स्वयंपाकघरात पोहोचवली. साबिदोंना मेक्सिकोत हेच साधायचं होतं. इथे ते ठरवून केलेलं नव्हतं, तरी झालं.

निघताना त्यांनी पाव किलो मसाला दिला. पैसे घेईनात. मी ठेवलेच, उधारीबद्दल इतकं ऐकल्यावर न ठेवणं शक्य नव्हतं.

साडेसात

परतीच्या गाडीत बसायला जागा नाही. उभ्यानेच टिपणं जुळवते. तुलनेला दोन मराठी मालिका घ्यायच्या ठरवल्या. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’, केदार शिंदे यांचं दिग्दर्शन, दिलीप प्रभावळकरांच्या ‘अनुदिनी’वरून. ती आठवड्यातून एकदा यायची. प्रत्येक भागाला स्वतःचा आरंभ आणि शेवट होता, म्हणून आजही कुठलाही भाग उचलून बघता येतो. दुसरी ‘एका लग्नाची दुसरी गोष्ट’, सतीश राजवाडे यांची, मुक्ता बर्वे आणि स्वप्नील जोशी. ती रोजची होती, तरी 2012 मध्ये सुरू होऊन त्याच वर्षी संपली. रोजची मालिका वेळेवर संपवता येते आणि तरी लोकांना आवडते, हे मराठीत सिद्ध झालेलं आहे.

साडेनऊ

मुलगी झोपली. हे उद्याच्या पहिल्या पाळीसाठी लवकर आडवे झाले. आता लिहिणं.

कोणती मालिका किती घरांत बघितली गेली याचे बार्कचे आकडे दर गुरुवारी येतात. आकडे चांगले असले की शेवट पुढे जातो, घसरले की घाईघाईने गुंडाळतात. दोन्ही वेळा गोष्टीचा शेवट गोष्टीच्या गरजेने होत नाही. ‘माझ्या नवऱ्याची बायको’ला आकड्यांनी भरपूर दिलं, आणि साडेचार वर्षं चालवून राधिकेचं बरंच काही काढूनही घेतलं. जी बाई हिशेबात पक्की आहे असं आम्हाला सांगितलं, तिला त्याच त्या फसवणुकीत किती वेळा पाडायचं? मी लिहिते: हा भाग अभिनयात उत्तम, संवादांत चांगला, संगीतात दुबळा, गोष्टीत जवळजवळ थांबलेला. राधिका धंद्यात स्थिरावली तिथेच मालिका संपायला हवी होती.

मग मसालेवाल्या ताईचं पाकीट लिहिते, काकूंचा आवाज बंद टीव्ही लिहिते. शब्दमर्यादा ओलांडते आहे. इतिहासाचा एक परिच्छेद कापते, वसंत साठे मात्र ठेवते.

अकरा

दुसरी पाळी सुटली. बसगाड्यांचे दिवे पुन्हा खिडकीवरून जातात. लेख पाठवून देते. त्यात वाहिन्यांना केलेली शेवटची विनंती इथेही करते: मालिका जाहीर करतानाच तिची शेवटची तारीखही जाहीर करा. आणि वाचकहो, तुमच्या घरी रोज लागणारी मालिका रेंगाळते आहे असं वाटलं तर वाहिनीला पत्र लिहा, भागाचा दिनांक टाका, काय खटकलं ते नेमकं सांगा. तुमच्या पाळीतून वाचलेला अर्धा तास ते घेतात, हिशेब मागायचा अधिकार तुमचा आहे.