वामनदादा कर्डक : तोंडी कवितेचे मोल

दलित कवितेचा इतिहास सांगताना आपण बहुधा छापील पुस्तकापासून सुरुवात करतो. १९७२ साली नामदेव ढसाळांचा ‘गोलपिठा’ आला, त्याच वर्षी दलित पँथर उभी राहिली, आणि तेथून विद्रोही कवितेची गणना सुरू होते. ही गणना खोटी नाही, पण ती अपुरी आहे. ज्या समाजाला अक्षरापासून शतकानुशतके दूर ठेवले, त्याची कविता आधी कागदावर कशी उमटणार? ती कंठातूनच उमटणार. म्हणून वामनदादा कर्डकांच्या तरुणपणाकडे केवळ एका लोकप्रिय गायकाचे चरित्र म्हणून पाहून चालणार नाही. अक्षरशत्रू ठरवलेल्या माणसाने शब्द कसा कमावला, ह्याचे ते उदाहरण आहे.

वामन तबाजी कर्डक ह्यांचा जन्म १५ ऑगस्ट १९२२ रोजी नाशिक जिल्ह्यातील सिन्नर तालुक्यात, देशवंडी ह्या गावी झाला. वडील लहानपणीच गेले. पोटासाठी कुटुंब मुंबईच्या वाटेला लागले. ह्या शहरात त्यांनी पडेल ते काम केले : कोळशाच्या वखारीत राबले, चिक्की विकली, आइसफ्रूट विकले. राहणे शिवडीच्या बी. डी. डी. चाळीच्या परिसरात. तेथेच समता सैनिक दलाशी संबंध आला आणि चळवळीची ओळख झाली. शाळा मात्र वाट्याला आली नव्हती. कोणीतरी पत्र वाचून घ्यायला आणले आणि ते वाचता आले नाही, ह्याची लाज त्यांच्या जिव्हारी लागली. मग देहलवी नावाच्या मास्तरांकडून मुळाक्षरे गिरवली आणि दुकानांवरच्या पाट्या वाचत वाचत ते साक्षर झाले. लोकांच्या मुलांनी पाटी-पेन्सिल टाकून पुस्तक धरावे त्या वयाच्याही कितीतरी पुढे, ऐन तारुण्यात, हा माणूस अक्षर शिकत होता.

ह्यानंतर फार काळ लोटला नाही. ३ मे १९४३ रोजी त्यांनी पहिले गीत रचले, तेव्हा ते विशीत होते. हे गीत एका हिंदी चित्रपटगीताचे विडंबन होते. ह्या तपशिलाला काही समीक्षक नाक मुरडतील. उसनी चाल घेतली म्हणून कविता उसनी ठरवतील. पण तोंडी कवितेचे शास्त्र वेगळे असते. ऐकणाऱ्याच्या हातात पुस्तक नसते. ओळ कानावरून गेली की गेली. मागे पान उलटून पाहता येत नाही. ओळखीची चाल असली म्हणजे श्रोत्याचे निम्मे काम आधीच झालेले असते. त्याला फक्त नवा शब्द धरायचा असतो. गिरणीतून सुटलेला कामगार रात्री गाणे ऐकतो आणि सकाळी पाळीवर जाताना ते गुणगुणतो, हे त्या चालीमुळे घडते. सिनेमाने वस्तीत आणलेली चाल कवीने चळवळीच्या कामाला जुंपली, असे म्हणणे अधिक न्याय्य होईल.

ह्या रचनेची अंगेही समजून घेतली पाहिजेत. ध्रुवपदात विचाराचे सार असते आणि ते साथीदार पुन्हा पुन्हा उचलतात. त्यामुळे उशिरा आलेल्यालाही गाणे कशाबद्दल आहे ते कळते. अंतऱ्यात दाखला येतो : भाकरीचा, पाणवठ्याचा, सावकाराचा, बाबासाहेबांच्या लढ्याचा. शेवटच्या कडव्यात कवीचे नाव येते. ‘वामन’ ही नाममुद्रा संतकवींच्या परंपरेतली आहे, पण तिचा व्यवहारातला उपयोगही मोठा आहे. गाणे गावोगाव फिरते, गायक बदलतात, शब्द थोडे इकडेतिकडे होतात. कर्त्याचे नाव मात्र गाण्याच्या पोटातच शिवलेले राहते. ज्याच्याजवळ प्रकाशक नाही, त्याचा हाच स्वामित्वहक्क.

वामनदादा एकाएकी उगवले नव्हते. सत्यशोधक जलशांनी वाट पाडली होती. १९३० नंतर भीमराव कर्डक आदींनी आंबेडकरी जलसा उभा केला. तमाशाचा साचा त्यांनी घेतला, पण गणाच्या जागी बाबासाहेबांचे वंदन आणले आणि गवळणीचा शृंगार टाकून दिला. ज्या कलेने महार-मांग कलावंताला दुसऱ्याच्या करमणुकीसाठी नाचवले, तिलाच त्याने स्वतःच्या मुक्तीसाठी बोलते केले.

असेच दक्षिण आफ्रिकेतही घडले आहे. तेथील खोसा आणि झुलू समाजांत ‘इम्बोंगी’ नावाचा स्तुतिकवी असतो. तो राजाचे गुण गातो आणि प्रसंगी त्याचे दोषही सर्वांसमक्ष सांगतो. मखायी हा असाच एक थोर कवी. १९३८ साली तो हील्डटाउनच्या शाळेत आला होता. त्याला ऐकून विद्यार्थी मंडेला कसे हलून गेले, हे त्यांनी आत्मचरित्रात सांगितले आहे. पुढे १९८४ च्या सुमारास दरबानच्या डनलॉप कारखान्यात फोर्कलिफ्ट चालवणाऱ्या आल्फ्रेड काबुला ह्या कामगाराने राजाची ही स्तुती कामगार महासंघाच्या नावे केली. म्झवाखे म्बुली हा तरुण वर्णद्वेषी राजवटीने मारलेल्यांच्या अंत्ययात्रांतून कविता म्हणत असे. त्याला तुरुंगात टाकले, त्याच्या ध्वनिमुद्रिकेवर बंदी आली. आणि १० मे १९९४ रोजी मंडेला राष्ट्राध्यक्ष झाले, त्या सोहळ्यात त्याचाच आवाज घुमला. राजस्तुतीचा साचा कामगाराने घ्यावा आणि तमाशाचा साचा जलसाकाराने घ्यावा, ह्या दोन गोष्टींत समुद्राचे अंतर असले तरी तर्क एकच आहे. दलितांना हत्यारे नवी मिळत नाहीत. हाताशी असलेल्यांनाच नवी धार लावावी लागते.

परंतु ह्या साम्यात एक भेद विसरता कामा नये. आफ्रिकेतला स्तुतिकवी आपल्या समाजात मानाचा होता. आपला कलावंत मात्र जातीनेच हीन ठरवलेला होता. म्हणून वामनदादांना कविता लिहिण्याबरोबर कवी असण्याची प्रतिष्ठाही मिळवावी लागली. त्यांचे ‘वाटचाल’ १९७३ साली आणि ‘मोहळ’ १९७६ साली पुस्तकरूपाने आले; म्हणजे पहिल्या गीतानंतर छापील पान गाठायला तीस वर्षे लागली. तोवर त्यांची गाणी महाराष्ट्रभर पाठ झाली होती. वाचकाच्या आधी श्रोता भेटलेला हा कवी १५ मे २००४ रोजी गेला.

आवाजावर जगणाऱ्या कवितेची किंमतही आवाजच चुकवतो. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांनी गोळीबार केला आणि दहा माणसे मारली गेली. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे ह्यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवले. त्यांचा आवाज आज ऐकू येतो, कारण आनंद पटवर्धनांच्या कॅमेऱ्याने तो ‘हमारा शहर’ ह्या १९८५ च्या बोलपटात टिपला होता. १९४० च्या दशकातल्या बहुतेक जलसाकारांच्या नशिबी असा कॅमेरा नव्हता. त्यांच्या गाण्यांच्या वह्या वाळवीने खाल्ल्या, गळे मातीत गेले.

प्रस्तुत लेखक वसईच्या सांडोर गावी राहतो. ह्या भागातल्या बायकांनी लग्नातली गाणी पाठांतरावर जपली, आणि त्या गाण्यांनी त्यांची बोली जपली. पाठांतर हे दुबळे साधन नाही. पण पाठ असलेले माणूस गेले की ते साधनही जाते. म्हणून शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी आपापल्या वस्तीतल्या म्हाताऱ्या गायकांकडे जावे. गाणे उतरवून घेताना चाल कोणती, प्रसंग कोणता, साथ कोणाची, शेवटच्या कडव्यात नाव कोणाचे, हेही टिपावे. नुसते शब्द टिपले तर अर्धेच गाणे हाती येईल. आज खिशातल्या दूरध्वनीवर आवाज साठवता येतो. तेव्हा साधन नव्हते, ही सबब आपल्याला उरलेली नाही.

आणि समीक्षकांनी आपले माप तपासावे. प्रतिमेची नवलाई, संदिग्धता, मौन ही पानावरच्या कवितेची मापे आहेत. हजार माणसांत उभी राहणारी कविता एका ऐकण्यात कळावी लागते. तिच्यात स्पष्टता हा गुण आहे, उणीव नव्हे. हे माप मान्य झाले, तर वामनदादांना दलित साहित्याच्या दाराशी उभे राहावे लागणार नाही. त्या घराच्या पायातच त्यांचा स्वर आहे.