मोहल्ल्यातली 'रजनी'

१९८५ साली आमच्या मोहल्ल्यात टीव्हीचे संच मोजून चार होते. त्यांतला एक आमच्याकडे, काळापांढरा आणि लाकडी शटरचा. एरवी त्याच्यासमोर घरातले पुरुष बसत, बातम्या बघत आणि शटर ओढून निघून जात. 'रजनी' लागायची तेव्हा मात्र चटई बायकांची असे. शेजारची फुफी पोरांना घेऊन यायची, समोरच्या बिऱ्हाडातल्या दोघी जावा यायच्या, आणि अम्मी सालन मंद आचेवर ठेवून दाराच्या चौकटीला टेकून उभी राहायची. पडद्यावर साडी नेसलेली, कुंकू लावलेली एक साधी गृहिणी दुकानदाराशी, कारकुनाशी, गॅसवाल्याशी हुज्जत घालत असे. ती जिंकली की आमच्या चटईवर टाळ्या पडत.

ती गृहिणी म्हणजे प्रिया तेंडुलकर. गेल्या महिन्यात घरातल्या मुलींना हे नाव सांगितले, तर एकीने विचारले, "क्रिकेटवाल्यांच्या नात्यातल्या का?" म्हणून हे सविस्तर लिहावेसे वाटले.

प्रिया तेंडुलकरांचा जन्म १९ ऑक्टोबर १९५४चा. वडील विजय तेंडुलकर, मराठीतले सर्वांत खळबळजनक नाटककार. 'सखाराम बाइंडर' आणि 'घाशीराम कोतवाल' यांवरून महाराष्ट्रात वादळ उठले तेव्हा प्रिया अठराच्या आसपासच्या होत्या. आपल्या बापाने लिहिलेल्या शब्दांवरून लोक रस्त्यावर येतात, हे ज्या मुलीने त्या वयात पाहिले, तिला पुढे स्वतःच्या मालिकेवरून मोर्चा निघाल्याचे फारसे नवल वाटले नसावे. हा आमचा अंदाज.

रंगमंचाशी ओळख कोवळ्या वयातच झाली. गिरीश कार्नाडांच्या 'हयवदन' नाटकात दोन बोलक्या बाहुल्या आहेत, त्यांतली एक प्रिया झाल्या होत्या. दुसरी बाहुली होती कल्पना लाजमी, ज्या पुढे चित्रपट दिग्दर्शिका म्हणून गाजल्या. पण घरात नाटक आहे म्हणून नाटकातच पोट भरेल, असे थोडेच असते? प्रिया चित्रे काढत होत्या. पंचतारांकित हॉटेलात स्वागतिकेच्या टेबलामागे उभ्या राहिल्या, हवाईसुंदरी झाल्या, फावल्या वेळात मॉडेलिंग केले, बातम्याही वाचल्या. आजकाल मॉडेल म्हटले की लोकांच्या डोळ्यांपुढे झगमगाट येतो. त्या काळात ते अनेक मुलींसाठी इतर चार कामांसारखेच एक काम होते. हॉटेलच्या त्या दिवसांतून त्यांना लिहायला काहीतरी मिळाले. त्यांच्या एका पुस्तकाचे नावच 'पंचतारांकित' आहे.

१९७४ साली श्याम बेनेगलांच्या 'अंकुर'मध्ये त्या दिसल्या. त्यात अनंत नागचे कोवळ्या वयात लग्न झालेले असते, आणि ती बायको नांदायला येते तेव्हा सगळे चित्र पालटते. भूमिका लहान, पण कथेचा पेच त्यावरच वळतो. नंतर मराठी चित्रपट आले, 'गोंधळात गोंधळ', 'मुंबईचा फौजदार' वगैरे. चेहरा लोकांना माहीत झाला, पण घराघरांत नाव पोहोचले नव्हते. ते काम 'रजनी'ने केले.

ते दिवस दूरदर्शनचे होते. वाहिनी एकच. १९८४ साली 'हमलोग' सुरू झाले होते, आणि मालिका नावाचा प्रकार लोकांना नुकता कळू लागला होता. बासू चटर्जी हे मध्यमवर्गाच्या साध्यासुध्या गोष्टी हसतखेळत सांगणारे दिग्दर्शक. त्यांनी 'रजनी'त ना खलनायक ठेवला, ना मारामारी. दर भागात रोजच्या जगण्यातली एक अडचण, आणि ती निमूटपणे न सोसणारी एक बाई, एवढेच. नवऱ्याच्या भूमिकेत करण राजदान होते.

रजनी आकाशातून पडली नव्हती. मुंबईच्या बायका त्याआधीच घराबाहेर पडल्या होत्या. १९७२च्या सुमारास मृणाल गोरे आणि अहिल्या रांगणेकर यांनी महागाईविरुद्ध लाटणी घेऊन बायकांचे मोर्चे काढले होते. त्याच्याही आधी, १९६६ साली, मुंबईतल्या काही गृहिणींनी ग्राहकांची संघटना उभारली होती. पण लाटणे मोर्चाला जायला सोबत लागते, पुढारी लागतो. रजनी एकटी जायची. नेमके हेच आमच्या चटईवरच्या बायकांना नवे होते.

त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये शाहबानो खटल्याचा निकाल आला होता. वर्तमानपत्रांत मुसलमान बाई म्हणजे पोटगी आणि तलाक, याशिवाय दुसरा विषय नव्हता. बोलणारे सगळे पुरुष, इकडचेही आणि तिकडचेही. आमच्या घरातल्या बायकांना त्या दिवसांत कोणी विचारले असते, तर त्यांनी आधी सिलिंडरचे नाव घेतले असते. नंबर लावून आठवड्यांवर आठवडे जात, स्टोव्हच्या धुराने डोळे चुरचुरत, आणि एजन्सीत एकच उत्तर मिळे, "गाडी आली नाही."

'रजनी'चा गॅसचा भाग बघितल्यावर अम्मीने बुरखा चढवला, फुफीला सोबत घेतले आणि गावातल्या एजन्सीत गेली. तिथल्या माणसाने नेहमीचे उत्तर दिले. अम्मी म्हणाली, "रजिस्टर दाखवा. आमच्या मागच्या नंबरवाल्यांकडे काल सिलिंडर उतरलेला मी पाहिला आहे." तो म्हणाला, "घरच्या पुरुषाला पाठवा." अम्मी तिथल्या बाकावर बसली आणि दुपारपर्यंत उठलीच नाही. सिलिंडर त्या दिवशी मिळाला नाही, तिसऱ्या दिवशी मिळाला. मालिकेत अर्ध्या तासात न्याय मिळायचा, आम्हाला तीन दिवस लागले. अब्बांना हे बाहेरून कळले. ते काही बोलले नाहीत, पण पुढच्या वेळी नंबर लावायला गॅसचे पुस्तक त्यांनी अम्मीच्याच हातात दिले.

ही झाली एक बाजू. दुसरी बाजूही आमच्याच घरातली. आमचे चाचा मुंबईत टॅक्सी चालवत. पाळीची टॅक्सी, मालक वेगळा, रात्रीचा मुक्काम भेंडीबाजारातल्या एका खोलीत दहा जणांबरोबर. 'रजनी'ने एका भागात टॅक्सीवाल्यांच्या उर्मटपणावर बोट ठेवले आणि मुंबईचे टॅक्सीचालक खवळले. शेकडो जण दूरदर्शनच्या दारावर निषेधाला गेले. चाचा त्या मोर्चात होते की नाही हे त्यांनी कधी धड सांगितले नाही, पण त्या ईदला गावी आल्यावर त्यांनी टीव्हीचे शटर स्वतः ओढून बंद केले. "भाडं नाकारलं ते दिसतं," ते म्हणाले, "पण बारा तास चाकावर बसलो होतो ते त्या बाईला कोणी दाखवलं का?"

अम्मी आणि चाचांचे त्या दिवशी चांगलेच वाजले. आम्ही लहान होतो, पण आज वाटते की दोघांचेही खरे होते. रजनी ज्यांच्याशी भांडायची, त्यांतले बरेचसे तिच्याहून गरीब असत. तिची धिटाई खरी होती, पण तिच्या मागे शिक्षण होते, सोबतीला शिकलेला नवरा होता. मालिकेने गरिबाला जाब विचारणे सोपे केले, मालकाला जाब विचारणे तेवढे सोपे केले नाही. आणि तरीही, बाकावर बसून राहायचे बळ अम्मीला त्या मालिकेनेच दिले, हे कसे नाकारायचे?

पुढल्याच वर्षी, डिसेंबर १९८६मध्ये, ग्राहक संरक्षण कायदा झाला. साध्या कागदावर, वकिलाशिवाय तक्रार करता येऊ लागली. कायदा 'रजनी'मुळे झाला, असे म्हणणे बरोबर होणार नाही. पण तो झाला तेव्हा त्याचा अर्थ बायकांना समजावून सांगावा लागला नाही, हे मात्र आम्ही पाहिले आहे.

प्रिया तेंडुलकरांना या यशाची किंमत मोजावी लागली. लोक त्यांना रजनीच समजू लागले. भेटेल तिथे गाऱ्हाणी सांगू लागले, जणू या बाई उठून कचेरीत जातील आणि काम करून आणतील. नटीला एक भूमिका अशी चिकटली की बाकीच्या अवघड होतात. १९८८ साली त्यांनी करण राजदान यांच्याशी लग्न केले. ते १९९५मध्ये मोडले. मालिकेतला संसार लोकांनी इतका आपला मानला होता की खऱ्या संसाराची चर्चाही लोकांनी हक्काने केली. ते आम्हाला तेव्हाही आवडले नव्हते.

नंतर स्वतःच्या नावाच्या कार्यक्रमात त्या सामान्य माणसांना बोलते करीत. 'त्रिमूर्ती' या चित्रपटात जॅकी श्रॉफ, अनिल कपूर आणि शाहरुख खान या तिघांची आई झाल्या. तेव्हा त्यांचे वय चाळीसच्या आसपास. नायक चाळिशीतही नायक आणि बाई त्याच वयात आई, हा सिनेमाचा जुना हिशेब. 'हम पांच' ही मालिका सर्वांना आठवत असेल. अशोक सराफांच्या पाच मुली, दुसरी बायको, आणि भिंतीवरच्या हार घातलेल्या तसबिरीतून बोलणारी पहिली बायको. ती तसबीर म्हणजे प्रिया. एका चौकटीत बसून, फक्त चेहऱ्यावर आणि आवाजावर त्यांनी लोकांना हसवले.

या सगळ्यात एक गोष्ट मागे पडते, त्या लेखिका होत्या. 'ज्याचा त्याचा प्रश्न', 'जन्मलेल्या प्रत्येकाला', 'असंही' ही त्यांची पुस्तके. मोठ्या लेखकाच्या मुलीने लिहायला बसणे सोपे नसते, प्रत्येक ओळ कोणीतरी बापाच्या ओळीशेजारी ठेवून बघतो. तालुक्याच्या वाचनालयात ही पुस्तके अजून मिळतात. मुलींनी मालिकेआधी ती वाचली तरी चालेल.

शेवटची वर्षे फार कठीण गेली. स्तनाच्या कर्करोगाशी झुंज चालू होती. २००१ साली आई निर्मला आणि भाऊ राजा, दोघेही गेले. १९ सप्टेंबर २००२ रोजी मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने प्रिया गेल्या. अठ्ठेचाळीस पूर्ण व्हायला एक महिना उरला होता. विजय तेंडुलकर त्यानंतर जवळपास सहा वर्षे जगले.

बातमी आली तेव्हा चाचांनी टॅक्सी सोडून गावी येऊन बरीच वर्षे झाली होती. अम्मी टीव्हीसमोर गप्प बसली होती. पडद्यावर 'रजनी'तले जुने दृश्य दाखवत होते. चाचा आत आले, उभ्यानेच थोडा वेळ बघत राहिले, आणि म्हणाले, "आवाज जरा मोठा कर."