साल नसलेली पत्रे

एच. जी. वेल्स यांची ‘टाइम मशीन’ ही कादंबरी 1895 साली प्रसिद्ध झाली आणि तेव्हापासून काळावर स्वार होणाऱ्या, प्रसंगी त्याची गतीही नियमित करणाऱ्या यंत्रांनी अद्भुतकथांचे जग गजबजून गेले. त्या कथांतून क्वचित असा एखादा दप्तरदारही भेटतो, की जो जीर्ण कागदांच्या राशीत बसून असले यंत्र प्रथम सिद्ध करतो. ही कल्पना मला फारशी अद्भुत वाटत नाही. त्या कादंबरीनंतर एकाच वर्षाने, 1896 मध्ये, शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनी रॉबर्ट स्यूएल यांच्यासह भारतीय कालगणनेची कोष्टके लंडनमध्ये छापविली, आणि त्याच जातीच्या जंत्र्या पुढ्यात घेऊन एक वृद्ध मोडी-वाचक निनावी काळाला नाव कसे देतात, हे पुण्यातील दप्तरात त्यांच्या शेजारी बसून मी पाहिले आहे.

कागदांचा रुमाल सोडून त्यांनी एक पत्र वेगळे काढले. मायना यथास्थित, मजकूर तगाद्याचा, आणि शेवटी केवळ ‘छ 7 जमादिलाखर’. छ म्हणजे चंद्र, अर्थात हिजरी महिन्यातील दिवस. साल मात्र नाही. लिहिणाराला त्याची गरजच नव्हती, कारण पत्र जासुदाच्या हातून पोहोचेपर्यंत साल बदलण्याची भीती नव्हती आणि दोनशे वर्षांनी कोणी तिऱ्हाईत ते वाचील, हे त्याच्या स्वप्नातही नव्हते. सरकारी कागदांचे तसे नसते. त्यांवर सुहूर सन असतो, परंतु तो अरबी संख्याशब्दांत आणि एककापासून आरंभ करून लिहिलेला, म्हणजे ‘इहिदे सितैन मया व अलफ’ हे एक, साठ, शंभर आणि हजार असे जोडीत 1161 पर्यंत जायचे. त्यात 599 मिळविले की इसवी सन निघतो, आणि जानेवारी लागल्यानंतरचे कागद असतील तर 600. कारण हे वर्ष सूर्याच्या मृगप्रवेशाबरोबर, जूनच्या आरंभी पालटते. घाईने लिहिलेल्या मोडीत सबा आणि सबैन, सीत आणि सितैन यांतील भेद एका फराट्यावर अवलंबून असतो, आणि तो फराटा चुकीचा वाचणारा माणूस सातांचे सत्तर करून बसतो.

आता साल नसलेल्या पत्राकडे वळायचे. मजकुरात पौष मासाचा ओझरता उल्लेख होता, आणि मोडी-वाचकांनी प्रथम तोच धरला. हिजरी महिना आपल्या अमान्त महिन्याप्रमाणेच चंद्राचा, तथापि अधिक मास त्याला ठाऊक नाही. त्यामुळे दोघांची जोडी दोन-तीन वर्षे टिकते, अधिक मास आला की एका घराने सरकते, आणि सुमारे साडेबत्तीस वर्षांनी पुन्हा जुळते. पौषाशी जमादिलाखराची गाठ पडली, तेवढ्यानेच शतकातील बहुतेक वर्षे बाद झाली. पुढे तिथी: चंद्रदर्शन बहुधा शुद्ध द्वितीयेच्या संध्याकाळी होत असल्याने चंद्राचा आकडा तिथीच्या साधारणपणे एकाने मागे चालतो, म्हणून छ 7 हा शुद्ध अष्टमीच्या आगेमागे पडतो. वार दिलेला असला, तर त्या दोन-तीन वर्षांतूनही बहुधा एकच उरते. हे सारे दातेरी चाकांसारखे एकमेकांत अडकत जाते आणि त्याला चावी द्यावी लागत नाही.

यंत्राची परीक्षा ज्ञात गोष्टीवर घ्यावी, म्हणून मी पानिपत सुचविले. शके 1682, पौष शुद्ध अष्टमी, बुधवार. जंत्रीने 14 जानेवारी 1761 दाखविला, वरील 1161 सनात 600 मिळवूनही तेच वर्ष आले. वृद्ध गृहस्थ किंचित हसले. त्यांना ही परीक्षा बालिश वाटली असावी. दीक्षितांनी याहून अवघड कार्य केले होते. एरणच्या स्तंभलेखात गुप्त संवत् 165, आषाढ शुद्ध द्वादशी आणि गुरुवार एवढेच होते. त्यांच्या गणिताने तो दिवस 21 जून 484 ठरला, आणि शिलालेखांचे अभ्यासक फ्लीट यांना गुप्त संवताचा आरंभ निश्चित करण्यास त्याचे मोठे साहाय्य झाले. शिक्षकी पेशातील या गृहस्थाच्या हाती पंचांग, लेखणी आणि चिकाटी यांखेरीज दुसरे काय असणार!

मजकुरावरून साल ठरविण्याचा मोह मात्र भल्याभल्यांना आवरत नाही. पत्रात तोफांचा उल्लेख आला की एखाद्या प्रसिद्ध मोहिमेशी ते जोडून टाकायचे, आणि मग चंद्रमहिना जुळत नसेल तर ‘नकलनवीसाची चूक’ म्हणून गणितालाच गुन्हेगार ठरवायचे, ही रीत मला अप्रामाणिक वाटते. पाठीवर पैवस्तगीची, म्हणजे पत्र पोहोचल्याची, नोंद सनासह असेल तर प्रश्नच मिटतो, म्हणून वाचक आधी कागद उलटा करून पाहतात. इतिहासकार सरदेसायांनी पेशवे दप्तराचे 45 खंड 1930 ते 1934 या अवधीत बाहेर काढले. कामाचा तो प्रचंड झपाटा ध्यानी घेऊनच, त्यांतील अथवा कोणत्याही छापील संग्रहातील तारीख उद्धृत करण्यापूर्वी अभ्यासकाने ती स्वतः जंत्रीशी ताडून घ्यावी, असे माझे मत आहे.

तगाद्याच्या त्या पत्राच्या पाठीवर काहीच नव्हते आणि वारही नव्हता. दोन वर्षे सारख्याच हक्काने उरली. वाचकांनी दोन्ही वर्षे चौकटी कंसात पेन्सिलीने लिहिली, मध्ये ‘किंवा’ घातले, आणि माझ्या आग्रहाला न जुमानता त्यांतील एकही खोडले नाही.